अलगद पुन्हा सगळा खेळ खातोय? वजन जातं कुठे, ते आधी तपासा

आमचा शनिवारचा खेळ साडेतीन वर्षं चाललाय. रोल-प्लेइंग गेम, म्हणजे टेबलाभोवती बसून प्रत्येकाने एक पात्र घ्यायचं आणि मिळून गोष्ट पुढे न्यायची. चार खेळाडू, मी गेम मास्टर (जग आणि नियम ठरवून खेळ चालवणारा), फासे टाकायला एक स्टीलचं ताट (खालच्या मजल्यावरून दोनदा तक्रार आली आहे) आणि मी रचलेलं एक जग. त्या जगात अलगद नावाचा धातू आहे. राखाडी, शिशासारखा मऊ, डोंगराच्या धारेवर गोट्यांच्या रूपात सापडणारा. त्याचं कडं करून एखाद्या वस्तूला बांधायचं आणि कडं तापवायचं, की वस्तूचं वजन जातं. कडं निवलं की परत येतं. नियम म्हणून मी एवढंच लिहिलं होतं, आणि नाव सुचल्याच्या आनंदात पुढचं काही बघितलंच नव्हतं.

तिसऱ्या बैठकीत पोरांनी किल्ल्याचा दरवाजा बिजागऱ्यांसकट उचलून दरीत सोडला. मी दोन आठवडे खपून त्या दरवाज्याचं कोडं रचलं होतं. पुढे पूल लागेना, घाट लागेना, घोडा लागेना. प्रत्येक वेळी मी नवा नियम घालायचो, चार-पाच बैठका बऱ्या जायच्या आणि धातू पुन्हा नव्या वाटेने निसटायचा.

तुमच्या गोष्टीत किंवा खेळात असा एखादा पदार्थ असेल, मग तो जखमा भरणारा असो की उजेड साठवणारा, तर लक्षणं ओळखीची वाटतील. संकट आलं की खेळाडू डोकं चालवायच्या आधी पिशवीत हात घालतात. खलनायकाकडेही हाच पदार्थ असायला हवा होता, हे तुम्हाला लढाई संपल्यावर आठवतं. आणि सगळ्यात खात्रीचं लक्षण म्हणजे, ज्या गावाच्या माथ्यावर हा खजिना पडलाय त्या गावातल्या बाया अजूनही रहाटाने पाणी शेंदतायत. पदार्थ फक्त नायकांच्या पिशवीत आहे, जगात नाही. असं दिसलं की समजायचं, बिघाड पदार्थाच्या ताकदीत नाही, त्याच्या हिशोबात आहे.

माझा हिशोब कसा जुळत गेला ते सांगतो. आधी जे जुळलं नाही ते, कारण तेच सगळे पहिल्यांदा करतात.

न टिकलेली ठिगळं

पहिलं ठिगळ, धातू दुर्मिळ करा. मी सगळ्या राज्यात मिळून सात कडी ठेवली. झालं काय, की खेळाडूंनी इतर सगळे उद्योग सोडून सात कडी गोळा करण्याची मोहीम काढली. आणि दुर्मिळपणा हा पदार्थाचा गुण नसतोच. तो कुणाला तरी युक्ती सापडेपर्यंतचा काळ असतो. ॲल्युमिनियमचं बघा. पृथ्वीच्या कवचात वजनाने सुमारे ८ टक्के तेच आहे, पण मातीतून सोडवायची रीत महाग, म्हणून १८८४ मध्ये वॉशिंग्टनच्या स्मारकाच्या टोकावर मानाने बसवलं ते सुमारे २.८ किलोचं ॲल्युमिनियमचं टोपण. तेव्हा त्याचा भाव चांदीच्या आसपास होता. दोनच वर्षांनी, १८८६ मध्ये, अमेरिकेत हॉल आणि फ्रान्समध्ये एरू या दोघांनी वेगवेगळं काम करून विजेने ते वेगळं काढायची रीत शोधली, आणि पुढे आपल्याकडे त्याच धातूच्या पातेल्याला ‘जर्मलचं पातेलं’ म्हणत लोक ते घासायला मागच्या दारी टाकू लागले. तुमच्या जगात कुणी हुशार लोहार असेल तर दुर्मिळपणा दोन पिढ्यांत संपतो. आमच्या टेबलावर तो दोन बैठकांत संपला.

दुसरं ठिगळ शापाचं. वापरणाऱ्याचं आयुष्य घटतं, असं काहीतरी. खेळाडूंनी कैदी पकडून त्यांच्याकडून कडी तापवून घेतली. मी विषय बदलला.

तिसरं, ‘दिवसातून तीनदाच’. हे चालतं, खोटं कशाला बोलू. पण त्याने धातूचा मोबाईल प्लॅन होतो. तीनच वेळा का, याचं उत्तर त्या जगात कुणाकडेच नसतं.

वजन गेलं, वस्तुमान राहिलं

पहिली खरी दुरुस्ती आमच्यातल्या एका खेळाडूमुळे झाली. तो बांधकामाच्या साइटवर इंजिनिअर आहे आणि त्याला क्रेनवर लोंबणाऱ्या गर्डरची भीती ठाऊक आहे. तो म्हणाला, वजन गेलं म्हणतोस, पण वस्तुमान गेलं का?

शाळेत आपण हे दोन शब्द पाठ करून विसरलेले असतो. चंद्रावर वजन सहावा हिस्सा होतं, वस्तुमान तेवढंच राहतं. म्हणजे टांगलेली वस्तू उचलायला हलकी, पण हलवायला आणि मुख्य म्हणजे थांबवायला पूर्वीइतकीच जड. मी तिथल्या तिथे नियम लिहिला की अलगद फक्त वजन नेतो. मग हिशोब केला.

सह्याद्रीतला काळा पाषाण घ्या, एक मीटर लांब, रुंद, उंच. सुमारे २,९०० किलो. त्याला कडं बांधून वजन शून्य केलं. आता एकटा गडी तीस किलोच्या जोराने त्याला दहा सेकंद ढकलत राहिला तर दगड सेकंदाला एक मीटर वेगाने सरकू लागेल. चालत्या माणसापेक्षाही हळू. दिसायला गंमत वाटते. पण समोर भिंत आहे आणि मधे कुणी उभा आहे, तर तो दगड दहा सेंटिमीटरांत थांबवायला दीड टनाच्या आसपास जोर लागतो. हँडब्रेक न लावलेला रिकामा टेम्पो उतारावर हळूहळू सुटावा, तसं.

हे टेबलावर कसं उतरलं ते सांगतो. तटाचा एक चिरा त्यांनी सोडवला, दोघांनी आतल्या बाजूला ढकलला. तिसरी, जी आमच्यात सगळ्यात घाईची आहे, म्हणाली, ‘मी हाताने अडवते, हलकाच आहे.’ मी फासे मागितले नाहीत. फक्त विचारलं, ‘कुठला हात?’ ताटातला फासा तसाच पडून राहिला. मग इंजिनिअर हळूच म्हणाला, ‘उजवा सांगू नकोस.’

त्या दिवसापासून अलगदला ते घाबरतात. त्याची ताकद मी एक मासाभरही कमी केली नव्हती.

याच नियमातून अजून दोन गोष्टी आपोआप निघाल्या. एक हवेची. हवासुद्धा घनमीटरला सव्वा किलोच्या आसपास भरते, आणि पाण्यासारखी तीही वस्तूला वर उचलू बघते. एरवी दगडाला त्याची दखलही नसते. वजन शून्य झालं की मात्र तो सव्वा किलोचा रेटा एकटाच उरतो. २,९०० किलोच्या धोंड्याला तो हलवणार कितीसा? पहिल्या दहा सेकंदांत वीतभर. कुणाच्या लक्षातही येत नाही. पण मिनिटभराने तोच धोंडा सात मीटरवर, म्हणजे दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीजवळ असतो. आणि तेव्हाच कडं निवतं. खेळाडूंनी एक चिरा अंगणात ‘जरा ठेवला’ आणि जेवायला बसले, त्याची गोष्ट आमच्याकडे अजून निघते.

दुसरी गोष्ट पकडीची. पाय, खूर, चाक हे सगळं जमिनीला धरतं ते वजनाच्या जोरावर. आमच्या एका खेळाडूला मोटेच्या बैलांची दया आली. मोट प्रत्यक्ष बघितलेली माणसं आता कमीच, म्हणून सांगतो. मोट म्हणजे विहिरीतून पाणी उपसायची चामड्याची मोठी पिशवी. विहिरीच्या काठापासून जी उतरती वाट जाते तिला धाव म्हणतात. बैल धावेवरून खाली जाताना नाडा ओढतात, म्हणजे त्यांच्या अंगाचं वजनही पाणी उपसायच्या कामी येतं, आणि मोट थारोळ्यात, म्हणजे काठावरच्या कुंडात, रिकामी झाली की ते उलट्या पावली वर येतात. आमच्या दयाळू गड्याने कडी बैलांना बांधली. बैल धावेवर जागच्या जागी खूर झाडत राहिले, भरलेली मोट खाली निघाली आणि नाड्याने बैल विहिरीकडे ओढले जाऊ लागले. कडी मोटेला बांधायची, बैलांना नाही, हे त्याला कळलं तेव्हा जोखडाची खीळ तुटली होती. गाडीचंही तेच. मागचा माल हलका केला आणि पुढचा तसाच ठेवला तर जू बैलांच्या मानेवर बसतं. उलट केलं तर गाडी उलाळते. घाटात दोन्हीकडचं वजन काढून टाकलं तर गाडी रोखायला चाकाखाली घातलेलं लाकूड नुसतं घसरत जातं.

तेव्हा तुमच्या पदार्थासाठी पहिली तपासणी हीच ठेवा. तो नेमकी कोणती एक गोष्ट काढून नेतो, आणि तिला चिकटलेल्या कोणत्या गोष्टी मागे राहतात? जखम भरणारा लेप मांस जोडतो, मग आत राहिलेली माती काढतो का? उजेड साठवणारा खडा उजेड साठवतो, मग त्या उजेडातली उष्णता कुठे जाते? मागे काय उरलं याचं उत्तर मिळालं की निम्मा बिघाड तिथेच निघतो.

फुकटची गिरणी

निम्माच. कारण वस्तुमानाच्या नियमाने धातू धोकादायक झाला, पण फुकटच राहिला. आठ महिन्यांनी त्यांनी गिरणी काढली. दगडाचं वजन काढा, वर न्या, वजन परत द्या, पडू द्या, पडताना जातं फिरवा. पुन्हा पहिल्यापासून.

आपोआप फिरणाऱ्या चाकाचं स्वप्न जुनं आहे. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये पूर्ण केलेल्या सिद्धान्तशिरोमणीत असं एक चाक वर्णिलेलं आहे. हलक्या लाकडाचं, आऱ्या पोकळ, त्यात अर्धा पारा भरलेला, आणि ते आपोआप फिरत राहतं असं म्हटलंय. चाळीसगावजवळच्या पाटण्याला त्यांच्या नातवाने त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ काढल्याचा शिलालेख आहे. तिथे कुणी हे चाक करून बघितलं असेल का, हा विचार मला त्या गावावरून जाताना येतो. पारा हा तर त्या काळचा खराखुरा अद्भुत पदार्थ. पाण्याच्या साडेतेरा पट जड, तरी वाहणारा. पण चाक थांबतंच. पारा खाली जाताना जेवढं देतो तेवढं वर चढताना मागून घेतो.

मग मीही तेच केलं, जे सगळे सांगतात, की ऊर्जेचा हिशोब जुळवा. नियम केला की दगड जितका चढेल तितकी उष्णता कड्यातून जाईल, आणि ती चुलीने भरून द्यावी लागेल. ऐकायला चोख. मग आकडे मांडले. आपला तोच घनमीटर पाषाण शंभर मीटर वर न्यायला साधारण २८ लाख जूल लागतात. सुकं लाकूड किलोला दीड कोटी जूल देतं. म्हणजे तीन टनांचा धोंडा गडावर चढवायला लागलं किती लाकूड, तर दोनशे ग्रॅमची एक ढलपी!

मी कॅल्क्युलेटर दोनदा झटकला. आकडा बरोबर होता. उष्णता ही विलक्षण स्वस्त वस्तू आहे, ती कामाला लावणं महाग असतं. १७१२ च्या न्यूकोमेनच्या इंजिनात कोळशातल्या उष्णतेचा शंभरावा हिस्साही जेमतेम कामी यायचा. तेवढी नासाडी धरली तरी हिशोब वीस किलोच्या मोळीवर जातो. एका मोळीत गडाचा चिरा वर पोचत असेल तर ते जग आपल्या ओळखीचं राहतच नाही. वेरूळचं कैलास माथ्याकडून खाली कोरत आणलंय. एकाच डोंगरातून, दगड न चढवता. जिथे दगडाला वजनच नाही तिथे असं देऊळ कोरायचं कुणाला सुचेल?

म्हणजे निसर्गाचा नियम पाळूनही जग मोडलेलंच होतं. इथे मी तीन आठवडे खेळ बंद ठेवला.

कुणाच्या डोक्यावर

उत्तर शेवटी मार्केट यार्डात मिळालं. आमच्यातल्या चौथ्याचं घर भुसार मालाच्या धंद्यातलं. त्याच्या गाळ्यावर बसलो होतो, समोर ज्वारीची गाडी उतरत होती. आकडा पोत्यात रुतवला, झोका दिला, पाठीवर घेतलं, चार पावलं, थप्पीवर. डोक्यावर ओझं घेणारा एक म्हातारा गडी चुंबळ नीट करत उभा होता. फडक्याची ती गोल वळी, मधे भोक. माझ्या डोक्यात अलगदचं कडं आणि ती चुंबळ एकावर एक बसली.

आता नियम असा आहे. अलगदचं कडं एकटं काम करत नाही. एकाच गोट्यातून दोन कडी घडवतात, ती एकमेकांची जोड. एक वस्तूला बांधायचं. वस्तूचं जे वजन जातं ते दुसऱ्या कड्यावर उतरतं. नाहीसं काहीच होत नाही. दोन्ही कडी कोमट राहिली तरच जोड टिकते. आगीवर धरलं तर धातू कायमचा मरतो, दगडावर ठेवलं तर निवून जोड तुटते. सतत सारखी कोमट राहणारी आणि सगळ्यात स्वस्त मिळणारी जागा म्हणजे माणसाचं डोकं. म्हणून दुसरं कडं चुंबळीत शिवलेलं असतं. (वस्तूकडचं कडं गडी फडक्यात गुंडाळून काखेत ऊब देऊन बांधतात, ते जोडीच्या उबेवर टिकतं.)

बैल का नाही, असं लगेच विचारलं गेलं. बैलही चालतो, पाठीवर. पण त्या राज्यात बैल विकत घ्यावा लागतो आणि हमालाला नुसती दिवसाची मजुरी द्यावी लागते. कुणी बैल वापरत नाही.

आता पुन्हा आकडे मांडा. २,९०० किलोचा चिरा. माणशी ५० किलो धरलं तर ५८ माणसं आणि ५८ जोड्या. मग ती ५८ माणसं सरळ दगडच का ओढत नाहीत? ओढू शकतात, रस्ता असेल तर. अलगदचा फायदा एवढाच की त्यांना डोंगरकड्यावर उभं राहावं लागत नाही. ती खाली सपाटीवर उभी असतात आणि वर दोन गवंडी दोरीने चिरा जागेवर नेतात. कामाचा धातू आहे, फुकटचा नाही. मला इतकी वर्षं हेच हवं होतं आणि मी ते खाणीत शोधत होतो.

गिरणीचं भोकही बुजलं. दगड चढताना लागणारी उष्णता आता चुंबळीखालच्या डोक्यातून जाते. शंभर मीटरच्या एका फेरीला माणशी साधारण ४९ हजार जूल. साठ किलोच्या माणसाचं अंग तेवढ्याने पाव अंशाला थोडं कमी निवतं. काहीच नाही, वाटतं. पण दहा फेऱ्या लागोपाठ झाल्या आणि मधे ऊब मिळाली नाही, तर सव्वादोन अंश. अंग ३५ च्या खाली जाणं म्हणजे वैद्यकीय भाषेत हायपोथर्मिया. लाकडाची ढलपी स्वस्त होती, तीच उष्णता अंगातून काढली की तिला किंमत आली.

खेळाडू ज्या दिवशी राजधानीत शिरले, त्या दिवशी मी त्यांना नियम सांगितला नाही. फक्त दाखवलं. वैशाखाची दुपार. दगडी छपराखाली शंभरेक माणसं रांगेत उभी, अंगावर घोंगड्या. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर काही नाही. तरी माना दबलेल्या, गुडघे किंचित वाकलेले. एक बाई पितळी पातेल्यातून गरम पेज वाढत पुढे चाललेली. मधेच रांगेतल्या एकाची मान एकदम सरळ झाली, त्याने डोळे मिटून श्वास घेतला. दूर कुठेतरी काहीतरी उतरवून ठेवलं गेलं होतं.

घाईची होती ती म्हणाली, ‘आपण परवा तटावरून उड्या मारत होतो...’ आणि थांबली. तिच्या पायातली कडी कुणाच्या जोडीची, हे तिला तोवर कुणी विचारलं नव्हतं.

त्यानंतरचा सगळा खेळ त्या छपराखाली सरकला. नियम मी लिहिले, पण हमालांची संघटना त्यांनी बांधली. आपल्याकडे माथाडी कायदा १९६९ चा. हमालांची आणि मालकांची मंडळाकडे नोंद, मजुरी मंडळामार्फत, वर कल्याण निधीची लेव्ही. माथाडी कामगारांचे नेते अण्णासाहेब पाटील यांचं नाव बाजारातल्या गाळ्यावाल्या घरात वाढलेल्या आमच्या गड्याला सांगावं लागलं नाही. त्याने टेबलावर पहिली मागणी मांडली ती अशी, की ओझं कुठलं आहे ते उचलणाऱ्याला आधी कळलं पाहिजे. चिरा आहे, पालखी आहे की पळून जाणारा चोर. राजाच्या बाजूने मी तीन बैठका भांडलो आणि हरलो.

अंतराची मर्यादा घालायची का, असं मला दोघातिघांनी विचारलंय. मी घातलेली नाही. परिणामी खेळाडूंनी जोडीच्या कड्यांची तार केली. इकडे वजन दाब, सोड, दाब, तिकडे डोक्यावर तेच. चालू दिलं. निरोप्याच्या मानेला त्रास होतो, तेवढी किंमत पुरे.

निगा

हा भाग थोडक्यात, पण वगळू नका. जो पदार्थ कधी बिघडत नाही तो गोष्टीत नुसता पडून राहतो. मी अलगदला घामाचं वावडं दिलं. मीठ लागलं की तो कळकतो, पितळेच्या भांड्यात ताक कळकावं तसा, आणि हमाल तर घामाघूम. म्हणून दर पंधरा दिवसांनी चुंबळीतल्या कड्याला आतून कथलाचा हात द्यावा लागतो. लहानपणी वाड्याच्या अंगणात कल्हईवाला बसायचा. भाता, तापलेलं पातेलं, नवसागराची चिमूट, पांढरा धूर, कथील टेकवलं की कापसाच्या बोळ्याने फिरवायचं आणि काळं पातेलं एका फेऱ्यात चंदेरी. कथील २३२ अंशांनाच वितळतं म्हणून हे अंगणात जमतं. पण अलगदला आग चालत नाही, तेव्हा माझ्या जगातल्या कल्हईवाल्याला ते कथील कड्याला न तापवता चढवायची काहीतरी रीत येते. ती त्यांच्या घराण्याबाहेर जात नाही, आणि मलाही ती ठरवायची नाही. खेळाडू दोन वर्षं ती चोरायच्या मागे आहेत. एका निगेच्या नियमाने मला एक जात, एक गल्ली आणि एक न संपणारं कारस्थान मिळालं.

अजून न सुटलेलं: काटा

हे लिहायला घेतलं त्याचं कारण हे. धातू वजन नेतो म्हटल्यावर बाजारातला तराजू मेला, हे मला इतक्या उशिरा कळलं. व्यापाऱ्याच्या पारड्याखाली नखाएवढं कडं, जोड गल्ल्याखाली बसलेल्या पोराच्या टोपीत. काटा मारायला याहून सोपं काय? उसाच्या गाडीमागे वजनकाट्यावर उभं राहून ज्यांनी भांडणं केलीत, त्यांना हे सांगायची गरज नाही.

म्हणून मोंढ्यातून तराजू काढले आणि मापं आणली. दोन चिपटी म्हणजे मापटं, दोन मापटी म्हणजे शेर, चार शेर म्हणजे पायली. धान्य मापाने, तेल मापाने. पायलीला कडं बांधून काही साधत नाही, ज्वारी तेवढीच मावते. सोनारांकडच्या गुंजा गेल्या, कसाचा दगड राहिला. पण मापाने ओली ज्वारी आणि सुकी ज्वारी सारखीच दिसते, पोकळ दाणा आणि भरलेला दाणाही. शेतकरी आणि व्यापारी दोघेही नाराज.

इंजिनिअरने पुन्हा वस्तुमान काढलं. वजन चोरता येतं, ते चोरता येत नाही. तेव्हा आमच्या मोंढ्यात आता पोतं उचलून बघत नाहीत. आढ्याला दोरीने टांगतात आणि व्यापारी त्याला खांद्याने धक्का देतो. भरलेलं पोतं हटता हटत नाही, हलकं पोतं पटकन सरकतं. जुन्या व्यापाऱ्यांचा उजवा खांदा डाव्यापेक्षा खाली आलेला असतो.

गेल्या शनिवारी घाईचीने विचारलं, ‘पोत्यात तळाला दगड भरले तर?’

मार्केट यार्डवाला म्हणाला, ‘ते अलगद नसतानाही भरतात.’